मोटारीची शीतनव्यवस्था आणि आतील ऊब : काही दोषांचा विचार

आंतरज्वलन एंजिनास थंड ठेवणे आणि त्याच गाडीत बसलेल्या माणसांस ऊब देणे, ही दोन कार्ये प्रथमदर्शनी परस्परविरोधी भासतात. परंतु जलशीतित मोटारीत ती एकाच द्रवाकडून आणि एकाच पंपाकडून करवून घेतली जातात. एंजिनाने टाकून दिलेली उष्णता रेडिएटरवाटे बाहेरच्या हवेत सोडावयाची, आणि थंडीच्या दिवसांत तिच्यातीलच काही भाग वळवून आत घ्यावयाचा, एवढीच ही युक्ती आहे. यामुळे शीतनव्यवस्थेत कोठे बिघाड झाला की त्याची पहिली वर्दी पुष्कळदा हीटर देतो. पठारावर राहणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांस हीटरची कळ वर्षातून एकदाही फिरविण्याचा प्रसंग सहसा येत नाही. त्यामुळे ही वर्दी ओळखण्याचा सरावही आपणांस नाही. तथापि स्वतःची गाडी घेऊन मनालीमार्गे लेहपर्यंत जाणारे हौशी प्रवासी आज महाराष्ट्रात थोडे नाहीत, आणि मिशिगन वा ओंटारिओसारख्या प्रदेशांत स्थायिक झालेली मराठी कुटुंबेही पुष्कळ आहेत. अशा ठिकाणी हीटर ही चैनीची वस्तू राहत नाही. पुढील काचेवर आतून साचलेले दव आणि बाहेरून धरलेले हिम हीटरच्या हवेनेच दूर व्हावयाचे असते. ते न झाल्यास चालक अक्षरशः आंधळेपणाने गाडी हाकतो.

प्रारंभी इतिहासाचा अल्पसा निर्देश करून पुढे जाऊ. आरंभीच्या मोटारी उघड्या असत व उबेचा प्रश्न कांबळ्यांनी सुटत असे. बंदिस्त गाड्या रूढ झाल्यावर निष्कासनळीभोवतीची तापलेली हवा आत सोडण्याचा प्रघात पडला. शीतकाच्या उष्णतेवर चालणारे हीटर पुढे आले, आणि १९३८ साली अमेरिकेतील नॅश कंपनीने बाहेरची ताजी हवा गाळून, तापवून, पंख्याने आत ढकलणारी योजना बाजारात आणली. आजच्या हीटरची मूळ कल्पना तीच होय. वायुशीतित एंजिनांना मात्र निष्कासनळीच्याच आश्रयास राहावे लागले. फोक्सवॅगनची सुप्रसिद्ध बीटल हे त्याचे उदाहरण. तिच्या उष्णताविनिमयकास गंज लागून भोक पडल्यास कार्बन मोनॉक्साइड आत शिरण्याचे भय असे. जलशीतित गाडीच्या हीटरमध्ये हा धोका नाही; तेथील धोके निराळे आहेत.

आता उष्णतेचा जमाखर्च पाहू. एक लिटर पेट्रोलच्या ज्वलनातून सुमारे ३२ मेगाजूल ऊर्जा मिळते. सपाट रस्त्यावर मध्यम वेगाने जाणारी लहान मोटार तासास चार लिटर पेट्रोल खाते असे धरले, तर तिचे एंजिन सुमारे ३५ किलोवॅट दराने ऊर्जा घेते. ढोबळ मानाने हिच्यातील एक-तृतीयांश शीतकात उतरते, म्हणजे दहा-बारा किलोवॅट झाले. उलट गाडी उभी करून एंजिन नुसते चालू ठेवल्यास पेट्रोलचा खर्च तासास सुमारे ०.८ लिटर असतो. त्यावेळी एकूण ऊर्जा सात किलोवॅट, आणि शीतकाच्या वाट्यास फार तर अडीच किलोवॅट. हीटर पूर्ण क्षमतेने चालविला तर त्याची मागणी मात्र पाच-सहा किलोवॅट असते. याचा अर्थ असा की, कडाक्याच्या थंडीत उभ्या गाडीचा हीटर एंजिनास मिळणाऱ्या उष्णतेहून अधिक उष्णता मागतो, आणि शीतकाचे तापमान हळूहळू खाली येऊ लागते. हा दोष नव्हे. साध्या वजाबाकीचा परिणाम आहे. त्याचप्रमाणे एंजिन व शीतक मिळून ८० किलोजूल प्रति अंश इतकी उष्णताधारकता मानल्यास, उणे १० अंशांपासून ८८ अंशांपर्यंत पोहोचण्यास सुमारे ७.८ मेगाजूल लागतात. दहा किलोवॅटच्या दराने हे काम तेरा मिनिटांत होईल. उभ्या गाडीत त्यास पाऊण तासाहून अधिक वेळ लागेल. सकाळी गाडी दारात चालू ठेवून ऊब येण्याची वाट पाहणारे किती व्यर्थ प्रतीक्षा करतात, हे यावरून कळेल.

शीतकाचा मार्ग असा असतो. पंप शीतकास सिलिंडरांभोवतीच्या पोकळीतून व वरच्या हेडमधून फिरवितो. हेडच्या मुखाशी थर्मोस्टॅट ही तापनियंत्रक झडप बसविलेली असते. शीतक थंड असेतो ती बंद राहते व रेडिएटरकडे जाणारी वाट अडविते. हीटरसाठी हेडमधूनच एक नळी निघते, डॅशबोर्डमागे दडविलेल्या एका लहानशा रेडिएटरातून जाते, आणि पंपाच्या शोषण-मुखाशी परत येते. या लहान रेडिएटरास आपण प्रस्तुत लेखात ‘हीटरची जाळी’ म्हणू. बहुतेक रचनांत थर्मोस्टॅट बंद असतानाही या जाळीतून प्रवाह चालू असतो. हीटरला उष्णता लवकर मिळते ती यामुळेच. जाळीवरून पंखा हवा फुंकतो, आणि एक हलणारे पाते तापलेली व न तापलेली हवा हव्या त्या प्रमाणात मिसळते.

ऊब कमी पडण्याची जी अनेक कारणे आहेत, त्यांची विभागणी लेखकाच्या मते दोन वर्गांत करणे सोयीचे होईल : जाळीत येणारा शीतकच पुरेसा तप्त नसणे, हा एक, आणि शीतक तप्त असूनही तो जाळीतून पुरेसा न वाहणे, हा दुसरा. ही विभागणी केवळ सोयीपुरती नाही. दोन्ही वर्गांचे गणिती स्वरूप भिन्न आहे, आणि ते समजल्यावाचून कारागीर व अभियंते दोघेही फसतात.

एक उदाहरण घेऊ. पंखा दर सेकंदास ०.०८ किलोग्रॅम हवा फुंकतो असे समजा. म्हणजे हवेचा उष्णताधारक प्रवाह ०.०८ किलोवॅट प्रति अंश झाला. शीतक म्हणून पाणी व एथिलीन ग्लायकॉल यांचे समभाग मिश्रण आहे. त्याची विशिष्ट उष्णता सुमारे ३.५ किलोजूल प्रति किलोग्रॅम प्रति अंश आहे, आणि मिनिटास नऊ लिटर प्रवाह जाळीतून जातो. त्याचा उष्णताधारक प्रवाह सुमारे ०.५४ किलोवॅट प्रति अंश भरतो. बाहेरची हवा उणे १० अंश, शीतक ८८ अंश, आणि जाळीची परिणामकारकता ०.७५. अशा स्थितीत मिळणारी उष्णता ५.९ किलोवॅट, बाहेर पडणारी हवा सुमारे ६३ अंशांची, आणि शीतकाच्या तापमानातील घट अवघी ११ अंशांची येते.

आता प्रवाह निम्म्यावर आला असे माना. जाळीचा एकूण उष्णतावहन-गुणांक तोच राहिला असे गृहीत धरून विनिमयकाचे नेहमीचे सूत्र लावले, तर उष्णता ५.७ किलोवॅट येते. प्रवाह निम्मा झाला आणि ऊब शेकडा तीन-चारांनीच घटली! प्रवाह दशांशावर उतरविला, तरी गणिताने चार किलोवॅट मिळतात. (प्रत्यक्षात मंद प्रवाहात नळीच्या आतील उष्णतावहनही घटते, म्हणून तूट याहून थोडी अधिक होते, पण निष्कर्षाची दिशा बदलत नाही.) कारण उघड आहे. या विनिमयकात हवेची बाजू दुर्बळ असून शीतकाची बाजू गरजेपेक्षा कितीतरी सबळ आहे. म्हणून जाळी अर्धीअधिक चोंदली तरी प्रवाशास ते जाणवत नाही. आणि ज्या दिवशी जाणवते, त्या दिवशी ती जवळजवळ संपूर्ण चोंदलेली असते. ‘कालपर्यंत हीटर उत्तम चालत होता’ या तक्रारीवर गॅरेजमध्ये कोणी विश्वास ठेवीत नाही, परंतु ती बहुधा खरी असते.

तापमानाचे तसे नाही. प्रवाह पूर्ण ठेवून शीतक ८८ ऐवजी ५५ अंशांचा घेतला, तर उष्णता ५.९ वरून थेट ३.९ किलोवॅटवर येते व हवा ३९ अंशांचीच मिळते. येथे घट समप्रमाणात आहे; प्रत्येक अंशागणिक ती जाणवते. वेगाने वाहणाऱ्या ३९ अंशांच्या हवेने हात कोमट होतात, काचेवरचे हिम मात्र फार सावकाश वितळते.

या पहिल्या वर्गातील प्रमुख आरोपी थर्मोस्टॅट होय. आजच्या थर्मोस्टॅटमध्ये एका लहान धातुपात्रात मेण कोंडलेले असते. ते वितळताना प्रसरण पावून दांड्यास ढकलते व झडप उघडते. थंड झाल्यावर स्प्रिंग तिला मिटविते. ही झडप सामान्यतः ८२ ते ९० अंशांच्या दरम्यान उघडू लागते. स्प्रिंग थकली, अगर गंजाचा वा चुनखडीचा कण झडपेच्या ओठांत अडकला, म्हणजे ती पूर्ण मिटत नाही. मग थंडीतल्या मोकळ्या रस्त्यावर रेडिएटर अहोरात्र आपले काम करीत राहतो आणि एंजिन कधीच तापत नाही. याचे लक्षण निश्चित आहे. शहरातील गर्दीत थांबत थांबत जाताना हवा बरी गरम येते, आणि गाडी वेगाने धावू लागली की गार होते. अलीकडच्या गाड्यांचा संगणक हा दोष स्वतःच ओळखतो. शीतक अपेक्षित वेळात अपेक्षित तापमानास पोहोचला नाही, तर ‘पी ०१२८’ हा संकेतांक त्यात नोंदविला जातो.

परंतु आपल्याकडे या बाबतीत एक वेगळीच परिस्थिती आढळते. थर्मोस्टॅट बिघडण्याची वाटही न पाहता तो काढून टाकण्याची रीत उष्ण प्रदेशांतील अनेक गॅरेजांत चालत आली आहे. ‘आपल्या हवेत त्याचा उपयोग काय?’ असा प्रश्न कारागीर विचारतो, आणि मालकास तो पटतो. वास्तविक थर्मोस्टॅटचे प्रयोजन हवेच्या तापमानाशी निगडित नसून एंजिनाच्या तापमानाशी निगडित आहे. थंड एंजिनास संगणक अधिक पेट्रोल पाजतो. त्यातील न जळलेला अंश सिलिंडरच्या भिंतीवरून तेलात उतरतो व तेल पातळ करतो. ज्वलनातून निर्माण झालेले पाणी तेलातून उडून जाण्याऐवजी तेथेच राहून गाळ धरते. शिवाय ज्या एंजिनांत थर्मोस्टॅटची दुसरी बाजू उपमार्ग बंद करण्याचे काम करते, त्यांत तो काढून टाकल्यावर उपमार्ग कायमचा उघडा राहतो. मग बराचसा शीतक रेडिएटरकडे न जाताच फिरत राहतो, आणि ज्या तापण्याच्या भीतीने थर्मोस्टॅट काढला, ते तापणेच चढावर पदरी येते. सोलापूर-नांदेडच्या उन्हात या गोष्टी वर्षानुवर्षे लपून राहतात. हीटरची गरज पडल्यावर त्या उघड्या होतात.

प्रवाहाच्या दोषांकडे वळू. जाळीच्या नळ्या चपट्या असून त्यांच्या आतील पोकळी मिलिमीटर-दीड मिलिमीटरचीच असते. रेडिएटरच्या मानाने प्रवाहही मंद. त्यामुळे व्यवस्थेतील सारा गाळ विसाव्यास येथे येतो. शीतकाऐवजी विहिरीचे वा बोअरचे पाणी भरण्याची सवय दख्खनच्या पठारावर विशेष घातक ठरते, कारण बसाल्ट खडकातील भूजल पुष्कळ ठिकाणी कठीण आहे. त्यातील कॅल्शियमचे क्षार उष्ण पृष्ठभागावर थर धरतात. हा थर उष्णतेस अडवितो म्हणून हीटर गार पडतो, असे साधारणतः सांगितले जाते. पण वरील गणित पाहता ते अर्धेच खरे मानावे लागेल. हवेच्या बाजूचा विरोध इतका मोठा आहे की अर्ध्या मिलिमीटरच्या थराचा औष्णिक विरोध त्यापुढे गौण ठरतो. खरी हानी होते ती नळीचा मार्ग बुजल्याने.

दुसरे कारण अधिक सुशिक्षित आहे, असे विनोदाने म्हणता येईल. शीतकात गंजरोधक द्रव्ये मिसळलेली असतात. जुन्या पद्धतीच्या शीतकांत सिलिकेट, तर १९९० च्या दशकाच्या मध्यापासून प्रचारात आलेल्या दीर्घायुषी शीतकांत सेंद्रिय आम्लांचे क्षार असतात. या दोन पद्धती काही अपवाद वगळता एकमेकींत मिसळावयाच्या नसतात. मिसळल्यास गंजरोधनाचे बळ घटते, आणि प्रसंगी सिलिकेट जेलीच्या रूपाने वेगळे होऊन जाळीत बसते. मालक मात्र बाटलीचा रंग पाहून शीतक निवडतो. हिरवा, तांबडा, निळा, गुलाबी हे रंग उत्पादकाने घातलेले असतात. त्यांस रासायनिक अर्थ असा नाही, आणि सर्व उत्पादकांत एकवाक्यताही नाही. पात्रावर छापलेले विनिर्देश वाचल्याखेरीज गत्यंतर नाही. गळती थांबविण्यासाठी व्यवस्थेत ओतावयाची जी पूड वा द्रव मिळतो, तोही भोक बुजविताना जाळीच्या नळ्यांस वगळत नाही.

पंपाच्या दोषाचे लक्षण थर्मोस्टॅटच्या अगदी उलट असते. पंपाची पाती झिजली, वा प्लास्टिकचे चक्र दांड्यावर सैल होऊन घसरू लागले, म्हणजे मंद गतीने फिरणाऱ्या एंजिनास जाळीपर्यंत शीतक ढकलण्याइतका दाब निर्माण होत नाही. गाडी सिग्नलपाशी उभी राहिली की हवा गार, ॲक्सिलरेटर दाबला की गरम. अंशतः चोंदलेली जाळी आणि शीतकाची तूट यांतही असाच प्रकार दिसतो. म्हणून एवढ्यावरून निदान करू नये. दोन्ही होसपाइपांचे तापमान पाहणे हा अधिक भरवशाचा मार्ग होय. वरील उदाहरणात निरोगी जाळीच्या प्रवेश व निर्गम नळ्यांतील फरक ११ अंश होता. प्रवाह दशांश झाल्यावर तो गणिताने ७५ अंशांपर्यंत जातो. एक नळी हातास चटका देते आणि दुसरी गार लागते, अशी अवस्था असेल तर दोष प्रवाहाचा. दोन्ही सारख्याच कोमट असतील तर दोष तापमानाचा. दोन्ही चांगल्या तापलेल्या असून हवा गार येत असेल, तर शीतनव्यवस्था निर्दोष आहे. हवा मिसळणारे पाते, त्यास फिरविणारी छोटी मोटर किंवा तार तपासावी. पात्याच्या साध्या दोषासाठी सबंध जाळी बदलण्याचा खर्च मालकांनी केल्याची उदाहरणे आहेत, आणि जाळीपर्यंत पोहोचण्यास पुष्कळ गाड्यांत सबंध डॅशबोर्ड उतरवावा लागतो हे ध्यानात घेता तो खर्च लहान नसतो.

याच अडचणीतून आणखी एक प्रथा जन्मास आली आहे. जाळी गळू लागली की पायाशी ओल येते, काचेवर पुसता न येणारा चिकट थर धरतो आणि ग्लायकॉलचा गोडसर वास येतो. डॅशबोर्ड उतरविण्याऐवजी कारागीर एंजिनाच्या बाजूस दोन्ही होसपाइप एकमेकांस जोडून देतो व जाळी व्यवस्थेबाहेर काढतो. उष्ण प्रदेशात ही तोड तात्पुरती म्हणून क्षम्य आहे. परंतु पाइप जोडण्याऐवजी त्यांची तोंडे बंद केली, तर काही एंजिनांत अनर्थ ओढवतो. ज्या रचनेत थर्मोस्टॅट बंद असताना शीतकास फिरण्यास हीटरचे वळण हीच मुख्य वाट असते, तेथे शीतक हेडमध्ये साचून राहतो, एका जागी उकळू लागतो, आणि त्याची उष्णता थर्मोस्टॅटपर्यंत वेळेवर पोहोचत नाही.

आता ज्यात हीटरची तक्रार सर्वांत गांभीर्याने घ्यावयास हवी, त्या प्रकाराचा विचार करू. पुष्कळ गाड्यांत हीटरची जाळी शीतनव्यवस्थेतील उंच भागांपैकी एक असते. शीतक कोठून तरी गळून कमी झाला की जी हवा आत शिरते, ती या उंच जागी गोळा होते. हवेने भरलेल्या जाळीतून शीतक वाहत नाही, आणि डॅशबोर्डमागून खळखळ ऐकू येते. म्हणजे शीतक संपू लागल्याची बातमी हीटरला आधी कळते. तापमानदर्शक काट्याला ती कळेलच अशी खात्री नाही. काट्यास चालविणारा संवेदक द्रवात बुडालेला असेल तरच खरे तापमान सांगतो. पातळी त्याच्याखाली गेली की त्यास वाफ व हवा लागते, आणि काटा उशिरा चढतो किंवा चक्क खाली येतो. चालक निर्धास्त होतो, तिकडे ॲल्युमिनियमचे हेड वाकत असते. म्हणून चालत्या गाडीत गरम हवा एकाएकी गार झाली, तर काटा काहीही सांगो, गाडी बाजूस घेऊन एंजिन बंद करणे हेच शहाणपणाचे. काटा चढत असून हीटर गार असेल, तर एक क्षणही दवडू नये. अशा वेळी रेडिएटरचे झाकण लगेच उघडणे म्हणजे दाबाखालील उकळते द्रव अंगावर घेणे होय; तासाभराचा धीर धरावा.

शीतक भरूनही हवा पुन्हापुन्हा गोळा होत असेल, आणि बाहेर गळतीचा मागमूस नसेल, तर संशय हेड गॅस्केटवर घ्यावा. ते फाटले की ज्वलनकक्षातील उच्च दाबाचे वायू शीतकात शिरतात व उंच जागी, म्हणजे हीटरच्या जाळीत, ठाण मांडतात. याची परीक्षा सोपी व सुंदर आहे. टाकीवरील हवा ब्रोमोथायमॉल ब्ल्यूच्या निळ्या द्रावणातून ओढली असता, तीत कार्बन डायऑक्साइड असल्यास द्रावण पिवळे होते. रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेतील एक दर्शक मोटारीच्या निदानास असा उपयोगी पडतो.

उंचीचा प्रश्न येथेच येतो. व्यवस्थेच्या झाकणातील स्प्रिंग बाहेरील दाबाहून सुमारे १.१ बार अधिक दाब आत राखते, आणि समुद्रसपाटीवर त्यामुळे साध्या पाण्याचाही उत्कलनबिंदू १२० अंशांच्या वर जातो. खारदुंग ला ही खिंड सुमारे ५,३५९ मीटर उंचीवर आहे. तेथील वायुदाब समुद्रसपाटीच्या निम्माच असतो. झाकण सुस्थितीत असेल तर तेथे पाणी ११३ अंशांच्या सुमारास उकळेल. झाकणाचे रबर कुजून दाब राहिनासा झाला असेल, तर ते ८२ अंशांनाच उकळेल. ग्लायकॉलच्या मिश्रणास सहा-सात अंशांची सवलत मिळेल. म्हणजेच थर्मोस्टॅट उघडावयाचे आणि द्रव उकळावयाचे तापमान जवळजवळ एकच होते. हेडमध्ये वाफेचे बुडबुडे धरतात, ते जाळीत जमतात, आणि सभोवती हिम असताना हीटर गार पडतो व एंजिन तापते. पुण्यात वर्षभर कुरकुर न केलेले झाकण तेथे प्रथमच बोलते.

नुसत्या पाण्यावर चालणाऱ्या गाडीची कथा याहून चमत्कारिक आहे. जानेवारीत लेहचे रात्रीचे तापमान शून्याखाली दहा-पंधरा अंश सहज जाते. सकाळी गाडी सुरू केल्यावर थर्मोस्टॅट बंद असतो, रेडिएटरातील पाणी स्थिर असते, आणि समोरून येणाऱ्या गार वाऱ्याने ते धावत्या गाडीतच गोठू शकते. पुढे थर्मोस्टॅट उघडतो, पण वाट बर्फाने बुजलेली. रेडिएटर गोठलेला आणि एंजिन उकळलेले, असा हा देखावा असतो. समभाग ग्लायकॉल-मिश्रण सुमारे उणे ३७ अंशांपर्यंत टिकते, ही माहिती निघण्यापूर्वी उपयोगाची आहे; तेथे पोहोचल्यावर फारशी नाही.

सर्वच दोष हीटरला गार करीत नाहीत, हेही नमूद केले पाहिजे. रेडिएटर बाहेरून चिखलाने भरला, किंवा त्याचा पंखा बंद पडला, तर एंजिन तापते आणि हीटरमधून मुबलक गरम हवा येते. कसारा अथवा खंबाटकी घाटात मे महिन्याच्या दुपारी काटा चढू लागला की जाणते चालक खिडक्या उघडून हीटर पूर्ण सोडतात. प्रवासी चक्रावून पाहतात. परंतु पाच-सहा किलोवॅट उष्णता अधिक बाहेर टाकणारा एक छोटा रेडिएटर त्यांनी चालू केलेला असतो. (बाहेरची हवा चाळीस अंशांची असल्याने लाभ त्याच्या निम्म्यानेच होतो, पण त्या प्रसंगी तेवढाही पुरतो.) अर्थात त्या वेळी हीटरमधून गार हवा आली, तर वर सांगितल्याप्रमाणे शीतकच उरलेला नाही असे समजावे.

प्रस्तुत लेखकाच्या एका परिचितांनी काही वर्षांपूर्वी सप्टेंबरअखेरीस पुण्याहून लेहचा प्रवास केला. गाडी दहा वर्षांची होती व निघण्यापूर्वी तपासून घेतलेली होती. मनालीपर्यंत सर्व ठीक होते. बारालाचा ला ओलांडून सरचूकडे उतरताना संध्याकाळ झाली, हलके हिम पडू लागले, आणि हीटर पूर्ण सोडूनही काच निवळेना. काटा अगदी तळाशी होता. तो तसाच असतो अशी त्यांची समजूत होती, कारण गाडी घेतल्यापासून त्यांनी तो वर आलेला पाहिलाच नव्हता. सोबतच्या मुलाने फडक्याने काच पुसावयाची आणि वडिलांनी पहिल्या-दुसऱ्या गिअरमध्ये गाडी उतरवावयाची, असे त्यांनी शेवटचे अंतर काटले. सरचूच्या तंबूंपाशी एका ट्रकचालकाने दोन्ही होसपाइपांस हात लावून पाहिला, दोन्ही कोमट लागले, आणि त्याने कोणताही प्रश्न न विचारता खोक्याचा एक पुठ्ठा रेडिएटरच्या पुढे जाळीत खोचून दिला. दुसऱ्या दिवशी काटा मध्यावर आला व गाडीत ऊब आली. चढ लागला की पुठ्ठा अर्धा काढावयाचा आणि उतारावर पुन्हा सरकवावयाचा, एवढे त्याने बजावले होते. परतल्यावर थर्मोस्टॅटचे घर उघडले, तेव्हा ते रिकामे होते. पूर्वीच्या मालकाच्या कारकिर्दीत केव्हातरी तो काढून टाकला गेला होता.